कान, व्हेनिस अशा चित्रपट महोत्सवांत संगीतिकांना (म्हणजे म्युझिकल चित्रपटांना) मोठं पारितोषिक मिळालं आहे का?

हो, मिळालं आहे. माझा लाडका म्हणजे जाक देमीचा ‘द अम्ब्रेलाज ऑफ शेरबूर’. १९६४ साली कानचा सर्वोच्च पुरस्कार यालाच मिळाला. यात एकही संवाद बोललेला नाही, गॅरेजमधल्या साध्या गप्पासुद्धा गायलेल्या! पहिली दहा मिनिटं विचित्र वाटतं, मग मिशेल लग्रांचं संगीत पकड घेतं.

१९८० मध्ये बॉब फॉसीच्या ‘ऑल दॅट जॅझ’ला कुरोसावांच्या ‘कागेमुशा’सोबत पाम दोर, म्हणजे कानचं सर्वोच्च पारितोषिक, विभागून मिळालं. २००० साली लार्स फॉन ट्रिअरच्या ‘डान्सर इन द डार्क’ला पाम दोर, शिवाय ब्यर्कला अभिनयाचं पारितोषिक. हा मात्र मन घट्ट करूनच बघा.

व्हेनिसमध्ये ‘ला ला लँड’साठी एमा स्टोन सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली, २०१६ मध्ये.