वाळलेली वाणी आणि वेलांटीचा घोळ

प्रश्न : ताई, मी लालबागचा. चाळीस वर्षं दुकानांचे बोर्ड रंगवले, फ्लेक्स आल्यापासून घरीच आहे. हातानं मला एक शिकवलं, अक्षर तोंडानं बोलत बोलत काढलं तर जिवंत उतरतं, गप्प बसून काढलं तर मुकं राहतं. त्यावरून मी एक दर्शनच लिहिलंय, दोनशे पानी वही भरली. बोलणं ही ओली वाणी, लिहिणं ही वाळलेली वाणी. काना म्हणजे उभा राहिलेला आ, शिरोरेषा म्हणजे श्वास, आणि प्रत्येक अक्षराचा आकार त्याच्या नादातूनच पडलाय. मुलगी हसते. हे शास्त्रात कुठे बसतं का, आणि वही छापू का?

उत्तर : काका, मुलीला म्हणावं हसू नकोस, कारण "वाळलेली वाणी" हा शब्द मला आवडलाय आणि तो मी वापरणार. आपल्याकडे परा, पश्यंती, मध्यमा, वैखरी अशा चार वाणी सांगतात, जुना व्याकरणकार भर्तृहरी तर तीनच मोजतो, पण आतून निघालेला हा प्रवास तोंडापाशी येऊन थांबतो, पुढे हात, टाक, ब्रश यांना कोणी विचारतच नाही. तुमची पाचवी वाणी तिथे बसू शकते. लिहिणाऱ्याच्या हाताबद्दल मन लावून बोलले ते रामदास, दासबोधात लेखनक्रियेवर अख्खा समास आहे, पहिलं अक्षर ते शेवटचं अक्षर एकाच टाकानं काढल्यासारखं वाटलं पाहिजे वगैरे, तो वाचाच, तुमच्याच धंद्याचा आहे.

आता नादातून आकार. यातलं अर्धं खरं आहे. क च ट त प हळू म्हणून बघा, उच्चाराची जागा कशी घशापासून टाळू, दात करत ओठांवर येते, म्हणजे वर्णमालेची रांग तोंडातूनच आलीय. पण ती रांग झाली, आकार नाही. एकदा फोर्टच्या म्युझियममध्ये जा, तिथे सोपाऱ्याला 1882 साली सापडलेला अशोकाच्या शिलालेखाचा तुकडा आहे, नाहीतर बोरिवलीला कान्हेरीच्या गुंफांत भिंतीवर ब्राह्मी, म्हणजे देवनागरीची पूर्वज लिपी, बघा. ब्राह्मीतला क म्हणजे चक्क अधिकचं चिन्ह. ग म्हणजे छपराचे दोन वासे. उच्चार क चा कच राहिला आणि आकार बघा कुठून कुठे गेला. आणि शिरोरेषा तर ब्राह्मीत नाहीच, मग ती माणसं काय श्वास न घेता बोलत होती?

तरी श्वासाचं तुम्ही टाकून देऊ नका, कारण मोडीत, म्हणजे मराठीच्या जुन्या धावत्या लिपीत, गंमत आहे. शाळेत आपण आधी अक्षर काढतो आणि मग वर रेघ ओढतो. मोडी लिहिणारा आधी पानभर रेघ ओढायचा आणि मग तिच्याखाली अक्षरं सोडत जायचा. म्हणजे तुमच्या भाषेत मोडीवाला आधी दम घेतो आणि मग बोलतो, देवनागरीवाला बोलून झाल्यावर सुस्कारा टाकतो. आणि तुम्ही पेंटर लोक? खडूची दोरी ताणून फटकन लाइन पाडता आणि मगच ब्रश उचलता, म्हणजे लिपी देवनागरी पण सवय मोडीची! हे वहीत आहे का? नसेल तर घाला.

खरी अडचण वेलांटीची आहे, ऱ्हस्व वेलांटीची. "किराणा" रंगवताना तोंड आधी क म्हणतं आणि मग इ, पण बोर्डावर वेलांटी क च्या आधी उभी. चाळीस वर्षं तुम्ही हे केलंत, तुम्हाला कधी खटकलं नाही? मोडीत हा घोळ नव्हता, तिथे वेलांटी एकच, दीर्घ, आणि अक्षराच्या नंतर. मग ऱ्हस्व कुठे दीर्घ कुठे ते वाचणाऱ्यानं बोलून ठरवायचं. तुमच्या दर्शनाला मोडी जास्त मानवेल असं मला वाटतं.

अजून एक. "चहाचा स्टॉल" लिहा आणि मोठ्यानं वाचा. पहिला च आणि दुसरा चा, जीभ दोन वेगळ्या जागी लागते ना? ब्रश मात्र दोन्ही वेळा तसाच फिरला. म्हणजे वाणी वाळताना थोडी आकसते, असं काहीतरी प्रकरण तुम्हाला लिहावं लागेल.

छापण्याचं म्हणाल तर आत्ता नको, पेन्शन नाही काही नाही, कशाला पैसे घालता. त्यापेक्षा दोन्ही च आणि ती वेलांटी घालून एक पाटी रंगवा, बोलत बोलत, आणि फोटो काढून पाठवा. फोटो मुलीलाच काढायला सांगा.