इस्तिखारा विकत मिळत नाही

दुआसाठी मधे कुणी लागतो का, हाच प्रश्न वेगवेगळ्या रूपांत सारखा येतो. त्यातले काही इथे घेतो.

अरबी येत नाही. मराठीत दुआ मागितली तर चालेल?
चालेल. नमाजीच्या आत मात्र हनफी आणि शाफई या दोन धर्मशास्त्रीय पंथांच्या मतांत फरक आहे. कोकणात बहुतेक शाफई, घाटावर बहुतेक हनफी. तेव्हा आपल्या इमामसाहेबांना विचारा.

मासिक पाळीत दुआ करता येते का?
येते. त्या दिवसांत नमाज माफ आहे, दुआला बंदी नाही.

मुलीच्या स्थळासाठी एकांनी फोनवर इस्तिखारा (एखाद्या कामात भलं काय, ते अल्लाहकडे मागण्याची दुआ) काढला. ‘बंदिश’ (करणीने घातलेला अडथळा) आहे म्हणतात, तोडायला अकरा हजार मागतात. काय करू?
एक रुपयाही देऊ नका, ताई. आईचं नाव, जन्मतारीख विचारून सांगतात तो इस्तिखारा नव्हेच. बुखारी या हदीससंग्रहातली, पैगंबरांचे साथी हजरत जाबिर यांनी सांगितलेली हदीस (पैगंबरांच्या शिकवणीची नोंद) स्पष्ट आहे: ज्याचं काम, त्याने दोन रकात नफल, म्हणजे दोन आवर्तनांची ऐच्छिक नमाज, पढून स्वतः दुआ मागायची. पैगंबर (स.) ही दुआ कुरआनच्या सूरहसारखी शिकवत. तिचा आशय असा: या अल्लाह, तू जाणतोस, मी जाणत नाही, यात माझं भलं असेल तर ते सोपं कर, नसेल तर ते माझ्यापासून आणि मला त्याच्यापासून दूर ठेव. यात तिसरा माणूस आहे कुठे? स्वप्न पडलंच पाहिजे, हिरवा-पांढरा रंग दिसलाच पाहिजे, या ऐकीव गोष्टी. प्रत्येक रकातीत आपण ‘फक्त तुझ्याकडेच मदत मागतो’ म्हणतो आणि सलाम फिरवून नमाज संपली की भलत्याच नंबरला फोन लावतो, याचं मला फार दुःख होतं. लग्न मुलीचं आहे, तिला दुआ मागू द्या, तुम्हीही मागा. सोबत मुलाची नोकरी, कर्ज, वागणूक यांची चौकशी करा आणि जाणत्या नातेवाइकांशी मशवरा करा.

दर्ग्यात जाऊन मागणं चूक आहे का?
कबरीला सलाम करा, मय्यतीच्या मगफिरतीसाठी (क्षमेसाठी) दुआ करा. मागायचं ते अल्लाहकडे. ‘मी जवळच आहे’ असं तो सूरह बकराच्या 186व्या आयतीत सांगतो. वसीला घेण्यावर, म्हणजे दुआत कुणाला माध्यम करण्यावर, उलमांत (धर्मपंडितांत) मतभेद आहेत, ते आलिमांसमोर बसून समजून घ्या.

गुनाह खूप झालेत. आधी सुधारतो, मग दुआ मागतो.
थांबू नका, आजच तौबा करा. अल्लाहच्या रहमतीपासून निराश होऊ नका, असं सूरह जुमरमध्ये (39:53) गुनाह करणाऱ्यांनाच सांगितलं आहे. कुणाचे पैसे बुडवले असतील तर मात्र ते परत करावेच लागतील. माणूस हयात नसेल तर वारसांना कसे द्यायचे, ते मुफ्तींना विचारा, याच आठवड्यात.