निवृत्तांच्या यादीतला ॲडमिरल

प्रश्न : १९४० मध्ये फ्रान्सच्या डंकर्क बंदरात जर्मनांच्या वेढ्यात अडकलेले सैन्य सोडवून आणण्याची मोहीम ज्यांनी चालवली, ते ॲडमिरल बर्ट्रम रॅमसे नौदलातून आधीच निवृत्त झाले होते, असे वाचले. हे खरे आहे का? असल्यास १९४४ मध्ये फ्रान्सच्या नॉर्मंडी किनाऱ्यावर झालेल्या स्वारीच्या आरमाराचे नेतृत्व त्यांच्याकडे कसे आले?

उत्तर : खरे आहे, आणि त्या निवृत्तीमागचे कारण कळल्याखेरीज त्यांचे पुढचे काम नीट उमगत नाही. १८८३ मध्ये जन्मलेले रॅमसे १८९८ मध्ये ब्रिटिश नौदलात दाखल झाले. पहिल्या महायुद्धात डोव्हरच्या गस्ती ताफ्यातील ‘ब्रोक’ ही विनाशिका त्यांच्या ताब्यात होती, त्यामुळे इंग्लंड आणि फ्रान्समधली ती सामुद्रधुनी त्यांच्या चांगल्या परिचयाची होती. १९३५ मध्ये होम फ्लीटचे, म्हणजे ब्रिटनच्या आसपासच्या समुद्रातील मुख्य ताफ्याचे, प्रमुख सर रॉजर बॅकहाउस यांचे चीफ ऑफ स्टाफ (मुख्य सहायक अधिकारी) म्हणून त्यांची नेमणूक झाली. बॅकहाउस बारीकसारीक कामेही स्वतःच्याच हाती ठेवत. हाताखालच्या अधिकाऱ्यांवर जबाबदारी सोपवली पाहिजे, अशा ठाम मताच्या रॅमसे यांना ते मानवले नाही. वर्षअखेरीस ते त्या पदावरून स्वतःहून दूर झाले आणि १९३८ मध्ये त्यांचे नाव निवृत्तांच्या यादीत गेले.

ऑगस्ट १९३९ मध्ये, युद्ध तोंडावर आले असताना, त्यांना परत बोलावून डोव्हरची जबाबदारी देण्यात आली. २६ मे १९४० च्या संध्याकाळी सुटकेची मोहीम सुरू झाली, तेव्हा फार तर ४५,००० माणसे आणता येतील असा अंदाज होता. डोव्हरच्या किल्ल्याखालच्या भुयारांतून रॅमसे सूत्रे हलवत होते. ३९ सागरी मैलांचा सर्वांत जवळचा मार्ग कॅलेजवळच्या जर्मन तोफांच्या माऱ्यात आला, म्हणून जहाजे ८७ मैलांच्या वळशाने पाठवावी लागली. पुढे सुरुंग काढून ५५ मैलांचा तिसरा मार्ग खुला करण्यात आला.

डंकर्कच्या गोद्या बॉम्बहल्ल्यांनी निकामी झाल्या होत्या. तिथे पाठवलेल्या कॅप्टन विल्यम टेनंट यांना बंदराच्या पूर्वेचा बांध तेवढा शाबूत दिसला. तो लाटा अडवण्यासाठी होता, जहाजे लावण्यासाठी नव्हे; वर जेमतेम तीन-चार माणसे शेजारी चालू शकतील एवढी लाकडी फळ्यांची वाट. २७ मेच्या रात्री टेनंट यांनी त्या बांधाला जहाज लावून पाहिले आणि ते जमले. ४ जूनपर्यंत ३,३८,२२६ सैनिक इंग्लंडला पोहोचले. त्यांपैकी २,३९,४४६ बंदरातून आणि ९८,७८० किनाऱ्यावरून. मदतीला आलेल्या छोट्या होड्यांची कामगिरी थोर आहेच, पण या मोहिमेचा कणा तो बांध होता, असे मला वाटते. जागेवरच्या अधिकाऱ्याने निर्णय घ्यावा आणि वरिष्ठाने त्याच्या पाठीशी उभे राहून जहाजे पुरवावीत, ही रीत रॅमसे यांचीच. ज्या आग्रहापायी १९३५ मध्ये त्यांची कारकीर्द थांबली, तोच आग्रह इथे सैन्याच्या कामी आला.

नॉर्मंडीचे नेतृत्व हा याचाच पुढचा टप्पा. उत्तर आफ्रिकेतील स्वारीच्या नियोजनात ते होते, आणि जुलै १९४३ मध्ये सिसिलीवरच्या स्वारीत पूर्वेकडील नौदल ताफ्याचे नेतृत्व त्यांच्याकडे होते. सैन्य किनाऱ्यावर उतरवण्याचा एवढा अनुभव ब्रिटिश नौदलात दुसऱ्या कोणाकडे क्वचितच असेल. १९४४ मध्ये त्यांना पुन्हा सक्रिय सेवेच्या यादीत घेऊन ॲडमिरल करण्यात आले. ६ जूनच्या स्वारीतील ६,९३९ लहानमोठी जहाजे त्यांच्या अधिकाराखाली होती. त्यांचे लेखी आदेश मात्र इतके तपशीलवार होते, की अमेरिकन अधिकाऱ्यांना ते जाचक वाटले. पण हजारो जहाजे सुरुंग काढलेल्या अरुंद पट्ट्यांतून अंधारात न्यायची, तर ही तक्रार मला फारशी पटत नाही.

सप्टेंबरच्या आरंभी बेल्जियमचे अँटवर्प बंदर हाती आले. त्या बंदराला समुद्राशी जोडणाऱ्या शेल्ट नदीचे मुख मोकळे केल्याशिवाय त्याचा उपयोग नाही, हे रॅमसे यांनी वरिष्ठांना तेव्हाच बजावले होते. तिकडे वेळेवर लक्ष न दिल्याने पहिला ताफा बंदरात शिरायला २८ नोव्हेंबर उजाडला. २ जानेवारी १९४५ रोजी ब्रिटिश सेनापती माँटगोमेरी यांच्याबरोबरच्या बैठकीसाठी ब्रुसेल्सला निघालेले त्यांचे विमान पॅरिसजवळच्या तुसू-ल-नोबल येथे उड्डाण करतानाच कोसळले आणि त्यात त्यांचा अंत झाला. जिथे त्यांचे मुख्यालय होते, त्या सें-जर्मँ-आं-ले गावातच त्यांचे दफन झाले.