वेबस्टर म्हणजे विणकरीण

प्रश्न : स्मिथ, टेलर, कुक ही इंग्रजी आडनावे धंद्यांवरून पडली हे समजते. पण वेबस्टर आणि बॅक्स्टर यांचा अर्थ काय? आणि आडनावे वंशपरंपरागत केव्हा झाली?

उत्तर : प्राचीन इंग्रजीत ‘वेब’ म्हणजे विणणारा, आणि त्याला ‘एस्टर’ हा स्त्रीवाचक प्रत्यय लागून ‘विणकरीण’ असा अर्थ होई, त्याच रीतीने बॅक्स्टर ही मुळात भाजणारीण, म्हणजे भटारीण. पुढे प्रत्ययाचे हे स्त्रीत्व पुसट होत गेले आणि पुरुषही ही नावे लावू लागले. ‘स्पिन्स्टर’ या शब्दात मात्र ते टिकले : सूत कातणारी स्त्री असा मूळ अर्थ मागे पडून अविवाहित स्त्री एवढाच उरला, हे जरा अन्यायाचेच वाटते.

१०६६ मध्ये फ्रान्सच्या नॉर्मंडीतून आलेल्या नॉर्मनांनी इंग्लंड जिंकल्यावर विल्यम, रॉबर्ट, रिचर्ड अशी मोजकीच नावे सर्वत्र पसरली. एका गावात चार रॉबर्ट असले, की ओळखायचे कसे? म्हणून कोणाला धंद्यावरून, कोणाला राहत्या जागेवरून, तर कोणाला बापाच्या नावावरून हाक मारू लागले. रॉबर्टचे लाडके रूप रॉब, त्याची यमकी रूपे हॉब आणि डॉब. त्यांचे मुलगे ते रॉब्सन, हॉब्सन आणि डॉब्सन! जमीनदारांनी ही प्रथा आधी उचलली, आणि साधारण १४०० पर्यंत इंग्लंडातील बहुतेक सामान्य कुटुंबांतही आडनाव बापाकडून मुलाकडे जाऊ लागले होते. त्यामुळे कधी ऐरणीला हात न लावलेला माणूसही स्मिथच राहिला.