जंतू मेले, मग पाय अजून सुजलेला का?

प्रश्न : डॉक्टर, नमस्कार. महिन्याभरापूर्वी मला उजव्या नडगीवर सेल्युलायटिस (कातडी आणि तिच्याखालच्या थराचं इन्फेक्शन) झाला होता, पाय लालभडक, ताप, चादर लागली तरी ओरडायचो. सात दिवस अँटिबायोटिक घेतलं, ताप आणि ठणका गेला, पण संध्याकाळी पाय अजून सुजतो, कातडी सोलतेय, रंग तपकिरी झालाय. बायको म्हणते इन्फेक्शन आत राहिलंय, अजून एक कोर्स घ्या. घेऊ का? आणि गोळ्या सुरू केल्या त्या दिवशी लाली उलट वाढली होती, म्हणजे औषध चुकलं होतं का?

उत्तर : आधी शेवटचं सांगतो. औषध चुकलं नव्हतं बहुतेक. जंतू मरताना फुटतात, त्यांच्यातला माल आजूबाजूला सांडतो आणि शरीर त्याच्यावर अजून चवताळतं, त्यामुळे पहिले एकदोन दिवस लाली थोडी पसरलेली दिसू शकते. म्हणून आम्ही बॉलपेनने लालीच्या कडेने रेघ मारून ठेवतो, पेशंटला वाटतं डॉक्टर चित्र काढतायत, पण दोन दिवसांनी लाली त्या रेघेच्या आत सरकली की बाहेर, यावरच पुढचं सगळं ठरतं.

आता सूज. जंतू मरायला काही दिवस लागतात, पण त्यांनी आणि आपल्याच पांढऱ्या पेशींनी मिळून जी मोडतोड केलेली असते ती भरून यायला आठवडे जातात, कधी महिने. (हो, आपल्याच पेशींनी. त्या जंतू मारायला जी रसायनं सोडतात त्यात शेजारच्या चांगल्या पेशीही मरतात.) पायातलं जास्तीचं पाणी वर ओढून नेणाऱ्या बारीक लसिकावाहिन्या या मारामारीत खराब होतात, मग दिवसभर उभं राहिलं की पाणी खाली साठतं. तपकिरी रंग बऱ्याचदा रक्तवाहिन्यांतून बाहेर झिरपलेल्या तांबड्या पेशींतलं लोह मागे राहिल्यामुळे असतो. आणि सुजेने ताणलेली वरची कातडी सूज उतरल्यावर सैल पडते आणि सोलते, ती ओढून काढू नका. यातल्या एकाही गोष्टीवर अँटिबायोटिक काम करत नाही, त्यामुळे दुसरा कोर्स मनाने नको. पडल्यावर पाय छातीपेक्षा उंच ठेवा, पायातलं रक्ताभिसरण डॉक्टरांनी तपासून हो म्हटलं तर दाब देणारे मोजे घाला, आणि पायाच्या बोटांच्या बेचक्या नीट बघा. तिथे ओलसर पांढरं होऊन चिरा पडल्या असतील तर ती बुरशी, आणि जंतूंना आत शिरायला तेच दार मिळतं. हे एकदा झालेल्याला पुन्हा होतं ते बरेचदा तिथूनच.

मात्र परत ताप आला, लाली गरम होऊन पसरायला लागली तर लगेच दाखवा. आणि दिसतंय त्याच्या मानाने दुखणं भयंकर असेल, कातडी जांभळी-काळी पडत असेल, फोड येत असतील किंवा तिथे बधिर वाटत असेल तर सकाळची वाट न बघता हॉस्पिटल गाठा, तेव्हा आतला भाग सडत असू शकतो आणि तिथे तासांचा हिशोब असतो.

प्रश्न : पाठीवर मोठं गळू झालंय. पाच दिवस गोळ्या खाल्ल्या, काही फरक नाही. आता म्हणतात चीर द्यावी लागेल. स्ट्राँग गोळी नाहीये का?

उत्तर : नाहीये. गोळी रक्तातून पोचते आणि पिकलेल्या गळवाच्या पोटात रक्तवाहिन्याच नसतात. शरीराने भोवती भिंत बांधलेली, आत मेलेल्या पांढऱ्या पेशी, जंतू आणि विरघळलेलं मांस, त्यालाच आपण पू म्हणतो. तिथे ऑक्सिजन कमी, आम्लता जास्त, काही औषधं पोचली तरी लुळी पडतात. चीर द्या आणि मोकळे व्हा. नंतर जखम लगेच शिवली नाही म्हणून घाबरू नका, ती तळापासून भरत वर यायला हवी, वरून आधी मिटली तर आत परत पू साठतो. व्रण राहील. त्या व्रणाची ताकद मूळ कातडीच्या साधारण 80 टक्क्यांपर्यंत जाते, पूर्ववत कधीच होत नाही. आणि घरी पिळू नका, कृपा करून.

प्रश्न : वय 66. लघवीच्या इन्फेक्शनसाठी सिप्रोफ्लॉक्सासिन चालू आहे, दम्यासाठी स्टेरॉइडच्या गोळ्याही आहेत. तिसऱ्या दिवसापासून टाचेच्या मागे दुखतंय. चालणं जास्त झालं असेल का?

उत्तर : असेलही, पण तसं धरून चालू नका. सिप्रोफ्लॉक्सासिनच्या गटातल्या औषधांनी क्वचित टाचेमागची जाड शीर, म्हणजे अकिलिस टेंडन, कमजोर होते आणि तुटूही शकते. अमेरिकेच्या एफडीएने (औषधांवर देखरेख ठेवणारी सरकारी संस्था) 2008 मध्ये याच कारणासाठी या औषधांवर सगळ्यात कडक इशारा छापायला लावला. साठीच्या पुढचं वय आणि सोबत स्टेरॉइड, दोन्ही धोके तुमच्याकडे आहेत. पुढचा डोस घेऊ नका आणि आजच डॉक्टरांना फोन करा, ते दुसरं अँटिबायोटिक देतील, लघवीचा उपचार अर्धवट सोडायचा नाहीये. स्टेरॉइड मात्र स्वतःहून अचानक बंद करू नका. टाचेला मालिश नको, व्यायाम नको, जिने शक्यतो टाळा. दुखणं औषध थांबवल्यावरही, अगदी काही महिन्यांनी सुरू होऊ शकतं, म्हणून गोळीचं नाव एका कागदावर लिहून पाकिटात ठेवा, नाहीतर पुढच्या डॉक्टरला तुम्ही सांगणार ‘ती पांढरी गोळी’ आणि त्याला काही कळणार नाही.