पर डे कमाईवर ठाण्यात घर घ्यावे का?

कोथरूडहून एका अभिनेत्रीचे पत्र आले आहे. वय ४१, दैनंदिन मालिकेत आत्याची भूमिका, दिवसाला ६,००० रुपये मानधन, महिन्याला सरासरी १४ दिवस काम, घरखर्च ३५,००० रुपये. कोथरूडचे घर स्वतःचे आहे. परंतु सेट ठाण्यात घोडबंदर रोडला असल्याने तिथे ५० लाखांचा वन बीएचके घ्यावा, साठवलेल्या १२ लाखांतून १० लाख भरावेत आणि ४० लाखांचे कर्ज काढावे, असा त्यांचा विचार आहे.

ताई, हे घर आत्ता घेऊ नये, असे माझे मत आहे. साडेआठ टक्के दराने २० वर्षांसाठी ४० लाखांचा हप्ता सुमारे ३४,७०० रुपये पडतो. १४ दिवसांचे ८४,००० रुपये होतात आणि दहा टक्के टीडीएस, म्हणजे मानधनातून आधीच कापला जाणारा आयकर, वजा जाता ७५,६०० हाती येतात, म्हणजे हप्ता आणि घरखर्च जेमतेम भागतो. मात्र ज्या महिन्यात कथानक नायिकेच्या माहेरी वळेल आणि आपल्याला चित्रीकरणाचे सहाच कॉल येतील, त्या महिन्याची कमाई ३२,४०० रुपये, म्हणजे हप्त्यापेक्षाही कमी, आणि आपण लिहिल्याप्रमाणे तीही ९० दिवसांनी मिळणार. लेखकाने आत्याला काशीयात्रेला धाडले, तरी बँकेचा हप्ता काही तिच्याबरोबर यात्रेला जात नाही.

शिवाय ठाण्यात मुद्रांक शुल्क स्त्री खरेदीदाराची सवलत धरूनही सहा टक्के, म्हणजे तीन लाख, आणि नोंदणीचे ३०,००० वेगळे. १२ लाख तिथेच अपुरे पडतात. आणि सेट कायमचा नसतो. पुढची मालिका गोरेगावला असेल किंवा थेट कोल्हापूरला.

तूर्त सहकलाकारांबरोबर भाड्याने राहावे. बारा लाखांपैकी सहा लाख वर्षभर काम नसेल तेव्हासाठी मुदत ठेवींत ठेवावेत, पण दोन बँकांत विभागून, कारण ठेवविम्याचे संरक्षण एका बँकेत पाच लाखांपर्यंतच असते. आरोग्य विमा स्वतःचा घ्यावा. आपल्या क्षेत्रात तो देणारा मालक नसतो. कापलेला टीडीएस बुडाला असे समजून अनेक कलाकार आयकर विवरणपत्रच भरत नाहीत, हे मला नेहमी खटकते. २०२५-२६ पासून नव्या करप्रणालीत १२ लाखांपर्यंतच्या अशा उत्पन्नावर कर लागत नाही, त्यामुळे दुसरे मोठे उत्पन्न नसेल तर आपले वर्षाचे लाखभर रुपये परत मिळायला हवेत. उद्या कर्ज मागाल तेव्हाही बँक मागच्या दोन-तीन वर्षांची हीच विवरणपत्रे पाहील.

कराराचे नूतनीकरण होईल तेव्हा महिन्याला किमान १२ दिवसांच्या मानधनाची हमी लेखी मागावी. ती मिळाली आणि राखीव रक्कम शाबूत राहिली, तर दोन वर्षांनी २० लाखांपर्यंतच्या कर्जाचा विचार करता येईल. त्याचा हप्ता आजच्या दराने १७,४०० रुपयांच्या आत राहतो.