ठरवणारा फ्रेममध्ये हवा

प्रिय मुली,

यल्लम्मा देवीला मुली वाहून जोगतिणी आणि मुलगे वाहून साडी नेसणारे जोगते करण्याच्या प्रथेवरच्या तुझ्या फिल्मचा खर्डा वाचला. देवीवर टीका केली तर लोक भडकतील आणि नाही केली तर फिल्म बोथट होईल, या कात्रीत तू अडकलीयस. पण देवी काही ठरवत नाही गं. ठरवतात माणसं. ठरवणारा फ्रेममध्ये आण.

जटेचाच प्रसंग घे, लोक जिला देवीचं बोलावणं समजतात. केस धुतले-विंचरले नाहीत की तेल-मळ साचून गुंता होतो. देवीचा कोप होईल या भीतीने फणी लावत नाहीत, वर भंडारा (हळद) भरतात, म्हणून तो वाढतो. हे संवादात सांगू नकोस. आईचा हात फणीकडे जाऊ दे, कोणीतरी नुसतं 'अंहं' म्हणू दे, हात मागे येऊ दे. मग कॅमेरा त्या 'अंहं' म्हणणाऱ्यावर ने. तुझ्या खर्ड्यात तो माणूसच नाही! आणि विगवाल्याकडून हलकी जट घेऊ नकोस. खरी जट मान ओढते. आत वजन घालून घे, नाहीतर नटीची मान ताठ राहील आणि सगळं खोटं दिसेल.

मुलाला साडी नेसवण्याचा प्रसंग तू गाण्यावर उरकलायस. गाणं काढ. शर्टाची बटणं कोण काढतं, निऱ्या कोण घालतं, दारात उभं राहून बघतं कोण? 'जोगवा' सिनेमातल्या (२००९) तायप्पा या जोगत्याच्या साडीवर हसू येत नाही, कारण आतला पुरुष क्षणभरही विसरू दिलेला नाही. ज्याला स्वतःलाच बाई म्हणून जगायचंय आणि ज्याच्यावर ते लादलंय, ही दोन वेगळी माणसं आहेत. कपडे तेच. फरक एवढाच, कोणी ठरवलं. मी यावर अडून बसतो म्हणून लोक वैतागतात. वैतागू देत. या विषयावर नुसते अश्रू काढणं सोपं आहे, त्याने ठरवणारा सुटतो.

शेवटच्या पाटीत तू २०१३चा जादूटोणाविरोधी कायदा टाकलायस. देवदासी प्रथेविरुद्धचा वेगळा आहे: मुंबई प्रांतात १९३४चा, महाराष्ट्राचा २००५चा. दुरुस्त कर.

कोपरखैरण्यात मंगळवारी-शुक्रवारी परडी घेऊन जोगतिणी फिरतात, त्यांचं मोबाइलवर चोरून शूटिंग अजिबात नको. आधी बोल, काय दाखवणार ते सांग, होकार घे, वेळेचे पैसे दे. चौंडकं या त्यांच्या तारेच्या वाद्याचा आवाजही त्यांच्याकडूनच रेकॉर्ड कर. तार ताणली-सैल केली की स्वर वर-खाली होतो, तो नुसत्या ढोलकीवर निघत नाही.

दुसरा खर्डा घेऊन रविवारी ऐरोलीला ये. पहिल्या तीन पानांत ठरवणारा दिसला नाही, तर पुढचं वाचणार नाही.